डिग्री घेतली, मताचं काय?

कॉलेजच्या कट्ट्यावर ‘आमदार’ शब्द निघाला की डोळ्यांसमोर काय येतं? चौकातलं फ्लेक्स, पुढं-मागं गाड्या, वाढदिवसाचा केक. पण राजेहो, आपल्या वऱ्हाडात एक आमदार असेही झाले, ज्यांची ओळख फ्लेक्सवर नव्हती, आकड्यांच्या कागदात होती. प्रा. बी. टी. देशमुख. १९८० ते २०१० अशी सलग तीस वर्षं ते अमरावती विभाग पदवीधर मतदारसंघातून विधान परिषदेवर निवडून गेले. तुमच्यापैकी किती जणांनी हे नाव ऐकलंय? घरी एखादे जुने प्राध्यापक असतील, तर त्यांना विचारून पाहा.

‘अनुशेष’ हा शब्द तुम्ही पेपरात वाचता आणि पान उलटता. त्याचा अर्थ साधा आहे. राज्याच्या सरासरीपेक्षा तुमचा जिल्हा सिंचनात, रस्त्यांत, शिक्षणात जितका मागं पडला, तितकं त्याचं देणं बाकी आहे. १९८३ मध्ये नेमलेल्या दांडेकर समितीनं हे देणं मोजलं. १९९४ मध्ये वैधानिक विकास मंडळं आली आणि निधीच्या न्याय्य वाटपाची विशेष जबाबदारी राज्यपालांकडे गेली. हा रूक्ष विषय सभागृहात वर्षानुवर्षं लावून धरणाऱ्यांमध्ये देशमुख सर पुढं होते. प्रश्न विचारायचा, उत्तरातली चूक कागदावर दाखवायची, पुढच्या अधिवेशनात पुन्हा उभं राहायचं. आमदारकीचं खरं काम हे असं असतं. त्याची रील बनत नाही.

‘मग अनुशेष संपला काय?’ असं तुम्ही विचाराल. नाही संपला. इतर ठिकाणचा जुना सिंचन अनुशेष भरत आला, तरी अमरावती, अकोला, वाशीम, बुलडाण्याचा बाकी राहिला. खारपाणपट्ट्यातल्या माणसाला हे सांगावं लागत नाही. एक आमदार कितीही अभ्यासू असला, तरी त्याच्यामागं लोक किती उभे आहेत हे सरकार पाहतंच. आणि इथंच आपला विषय येतो.

२०१० मध्ये देशमुख सर हरले. अकोल्याचे डॉ. रणजीत पाटील निवडून आले, पुढं राज्यमंत्रीही झाले. २०२३ मध्ये तेही धीरज लिंगाडेंकडून हरले. म्हणजे ही जागा कुणाची जहागीर नाही, मतदार ती बदलू शकतो. पण मतदार आहे कोण? पाच जिल्ह्यांत २०२३ ला नावं होती दोन लाखांच्या आसपास. त्यातल्या साधारण निम्म्यांनीच मत दिलं. वरून हजारो मतपत्रिका बाद झाल्या. इथं बटण दाबायचं नसतं, मिळालेल्या जांभळ्या पेनानं पसंतीचा १, २, ३ असा आकडा लिहायचा असतो. कुणी बरोबरची खूण केली, कुणी सही ठोकली की मत गेलं. आणि ही मतं पदवीधरांची, बरं!

दुसरी अडचण यादीची. विधानसभेच्या यादीत नाव आहे म्हणून या यादीत येत नाही. पदवीला तीन वर्षं झाली आणि तुम्ही याच विभागात राहत असाल, तर नमुना १८ चा अर्ज स्वतः भरावा लागतो. दर निवडणुकीला यादी नव्यानं तयार होते, म्हणून मागच्या वेळी नाव असलं तरी पुन्हा भरायचा. हे लक्षात ठेवून अर्ज भरतो कोण? ज्यांची संघटना आहे, ऑफिस आहे, आठवण करून देणारं कुणी आहे, तो. बडनेऱ्याहून पुण्याची गाडी पकडणारा नाही, अभ्यासिकेत पाचवा अटेम्प्ट देणारी नाही.

मग पदवीधरांचा आमदार नोकरीवाल्यांचेच प्रश्न जास्त मांडतो, अशी तक्रार आपण काहून करतो? माझं मत सरळ आहे. ज्याचं नाव यादीत नाही, त्याचा प्रश्न सभागृहात उशिरा पोचतो. भरती रखडली, शिष्यवृत्ती अडकली की आपण स्टेटस ठेवतो. ते स्टेटस चोवीस तासांत जातं. या आमदाराची मुदत सहा वर्षांची असते.

आताच्या आमदारांची मुदत २०२९ च्या सुरुवातीला संपेल. त्याआधी यादी निघेल, तेव्हा तुमच्यातल्या बऱ्याच जणांची तीन वर्षं झालेली असतील. पदवीचं सर्टिफिकेट लॅमिनेट करून कपाटात ठेवाल, त्याआधी त्याची एक झेरॉक्स बाजूला काढा. अर्जाला तीच लागते. आणि उमेदवार मत मागायला दारात आला, तर त्याला फक्त एवढंच विचारा : भाऊ, आमच्या जिल्ह्याचा अनुशेष किती?