शून्य टक्क्यांतलं पाणी

जुलै उजाडला की मराठवाड्यातल्या वर्तमानपत्रांत पहिल्या पानावर एक छोटी चौकट ठाण मांडून बसते. जायकवाडी धरणाचा आजचा साठा इतके टक्के, आवक इतके क्युसेक. पेपर हातात पडला की नजर आधी त्या चौकटीवर जाते, मथळे नंतर. टपरीवर एकानं नुसतं 'किती झालं?' म्हटलं, तर काय ते विचारायची गरज पडत नाही. आपल्या गावावर ढग नसला तरी नाशिक-त्र्यंबकला झोडपून पाऊस झाल्याची बातमी आली की पैठणपासून परभणीपर्यंत माणसं सैलावतात. स्वतःच्या आभाळापेक्षा दुसऱ्याच्या आभाळाकडे जास्त आशेनं पाहणारा असा मुलूख विरळाच.

या आकड्याची एक गंमत मात्र पुष्कळांना ठाऊक नसते. जायकवाडीत एकूण सुमारे 102 टीएमसी पाणी मावतं. एक टीएमसी म्हणजे साधारण 2,830 कोटी लिटर. त्यातलं सुमारे 76 टीएमसी 'जिवंत' आणि तळाचं 26 टीएमसी 'मृत' मानलं जातं, कारण ते कालव्याच्या तोंडापाशी पोचत नाही. वर्तमानपत्रातले टक्के असतात ते फक्त जिवंत साठ्याचे. म्हणजे 'जायकवाडी शून्यावर' असा मथळा येतो त्या दिवशीही तिथे अनेक धरणं भरतील इतकं पाणी असतं. 2016 आणि 2019 च्या उन्हाळ्यांत हा साठा मृत पातळीखाली गेला. तेव्हा चर खोदून, आपत्कालीन पंप लावून शहरांनी जे पाणी पिऊन दिवस काढले, ते हेच कागदावर मेलेलं पाणी.

यंदाच्या दिवाळी अंकाचा मुख्य विभाग आम्ही या जलाशयाला दिला आहे. 1976 मध्ये पूर्ण झालेलं हे धरण आता पन्नाशीला आलं. पन्नास वर्षांत आपण त्याची टक्केवारी तोंडपाठ केली, पण ते सरोवर म्हणून ओळखायचं राहून गेलं, असं आम्हाला वाटतं.

धरणाचा जन्मच स्थलांतरातून झाला. मूळ बेत बीड जिल्ह्यातल्या जायकवाडी गावाजवळ गोदावरीवर बांध घालण्याचा होता. जागा बदलून वर पैठणला आली, नाव मात्र पहिल्या गावाचंच राहिलं. 1965 च्या ऑक्टोबरात पंतप्रधान लालबहादूर शास्त्री यांच्या हस्ते पायाभरणी झाली आणि फेब्रुवारी 1976 मध्ये इंदिरा गांधींच्या हस्ते लोकार्पण. आधी पाटबंधारेमंत्री आणि पुढे मुख्यमंत्री म्हणून शंकरराव चव्हाण यांनी हा प्रकल्प नेटानं लावून धरला. सुमारे दहा किलोमीटर लांबीचा मातीचा बांध, 27 दरवाजे, 208 किलोमीटरचा डावा कालवा आणि 132 किलोमीटरचा उजवा. बांधामागे जे पाणी साठलं त्याला संत एकनाथांवरून नाथसागर हे नाव मिळालं. नेवासा, शेवगाव, गंगापूर आणि पैठण या तालुक्यांतली शंभराहून अधिक गावं कुठे पूर्ण तर कुठे अंशतः त्याखाली गेली. गोदाकाठची काळीभोर, कसदार जमीन होती ती. कालव्याचं पाणी ज्यांच्या शेतात पोचलं ते वेगळे लोक, आणि ज्यांची शेतं त्या पाण्याखाली गेली ते वेगळे.

या जलाशयाचा स्वभाव कळायचा तर त्याची उथळाई आधी समजून घ्यावी लागते. कोयनेतही जवळजवळ तेवढंच पाणी मावतं, पण ते सह्याद्रीच्या खोल दरीत उभं राहतं. नाथसागर मात्र सपाट मैदानावर पसरलेला आहे. पूर्ण भरला की त्याचा विस्तार साडेतीनशे चौरस किलोमीटरच्या घरात जातो आणि सरासरी खोली जेमतेम आठ मीटर भरते. मराठवाड्याच्या उन्हात वर्षाकाठी दीड मीटरहून जास्त पाणी वाफ होऊन उडतं. आठातलं दीड म्हणजे थोडं नव्हे! अभियंत्याच्या हिशेबात हा तोटाच. पण त्याच उथळाईनं इथे असं काहीतरी घडवलं जे प्रकल्पाच्या कोणत्याही आराखड्यात नव्हतं.

दिवाळी झाली की पाणी हटायला लागतं. पातळी थोडी उतरली तरी काठ कितीतरी दूर सरकतो आणि मागे ओल्या गाळाची रुंद पट्टी उघडी पडते. या चिखलात शंख-शिंपले, किडे, कोवळं शेवाळ यांची रेलचेल असते, आणि तीच पाखरांना बोलावते. हिवाळ्यात तलवार बदकं, चक्रवाक आणि हिमालय ओलांडून आलेले पट्टकदंब इथे उतरतात. उथळ पाण्यात चोच उलटी बुडवून रोहित चरतात. वारकरी नावाचे काळे, पांढऱ्या कपाळाचे पक्षी तर पैठणच्या पाण्यावर दिंडीसारखे दाटीनं तरंगत असतात. धरण झाल्यावर दहा वर्षांनी, 1986 मध्ये, 341 चौरस किलोमीटरचं हे क्षेत्र पक्षी अभयारण्य म्हणून जाहीर झालं. माणसानं पाटासाठी पाणी अडवलं होतं, पाखरांनी त्याचं सरोवर केलं.

याच पट्टीवर माणसाचाही डोळा असतो. पाणी उतरलं की गाळपेर सुरू होते. महिनोन्महिने पाण्याखाली मुरलेल्या या जमिनीत गहू, हरभरा टाकला की खताचा खर्च जवळपास नाहीच. गाळपेराच्या जमिनी कसायला देताना प्रकल्पग्रस्तांचा हक्क आधी मानला जातो, आणि ते न्याय्यच आहे. ज्याचं शेत बुडालं त्याला वर्षातले चार महिने तरी मातीचा घास मिळावा. काठावर उभं राहिलं तर चित्र लख्ख दिसतं. पाणी वावभर मागे हटतं, त्यामागून डिझेलचं इंजिन पुढे सरकतं, काळ्या पाइपाला आणखी एक तुकडा जोडला जातो, आणि काल जिथे पाणपक्षी चरत होते तिथे आज तिफण चालते. त्यापलीकडे पाण्यात मच्छीमारांच्या जाळ्यांचे तरंगते डबे. रोहू-कटल्याचं बीज सोडावं तेव्हा मासा मिळतो, आणि न बोलावता घुसलेला चिलापी जाळ्यात भरमसाट येतो, पण भाव खातो तो मरळ. पक्षी, शेतकरी आणि मच्छीमार या तिघांचंही पोट त्याच उथळ काठावर आहे.

सरकारदरबारी मात्र या एका पाण्याचे चार मालक. पाणी जलसंपदा खात्याचं, पाखरं वनखात्याची, मासे मत्स्यव्यवसाय खात्याचे, जमिनीच्या नोंदी महसूलकडे. सरोवर म्हणून त्याचा विचार करणारं टेबल कुठल्याच कचेरीत नाही. अलीकडे जलाशयावर तरंगता सौरप्रकल्प उभारण्याचा प्रस्ताव आला, तेव्हा हे ठळकपणे दिसलं. सौरपट्ट्यांनी वीज मिळेल, बाष्पीभवनही घटेल, हा एक पक्ष. मासेमारी आणि पाखरं यांचं काय, हा दुसरा. मच्छीमारांच्या संघटनेनं न्यायालयात दाद मागितली, पण 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयानंही ती मान्य केली नाही. प्रकल्प चांगला की वाईट, यावर या अंकातल्या लेखकांतच एकमत नाही. आमचं म्हणणं एवढंच, की काठावरच्या माणसाला आपली बाजू मांडायला थेट दिल्ली गाठावी लागू नये.

गोदावरीच्या या खोऱ्याला चढउतार नवे नाहीत. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हारसानं दख्खनचं पठार घडलं. त्या बेसॉल्टच्या पोकळ्यांत तयार झालेले अकीक आणि गोमेद आजही नदीच्या गोट्यांत सापडतात. इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या 'पेरिप्लस' या ग्रीक ग्रंथात भडोचच्या दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवरच्या पैठणचा उल्लेख आहे आणि तिथून गाड्या भरभरून असेच दगड बंदराकडे जात, अशी नोंदही आहे. सातवाहनांचं हे प्रतिष्ठान. त्या काळाशी जोडलेल्या 'गाथासप्तशती'त गोदावरीचे काठ प्राकृतातून वारंवार भेटतात.

त्याहून मागे गेलं तर गोष्ट अधिक सावध करणारी आहे. याच खोऱ्यात प्रवरेकाठी दायमाबादला 1974 मध्ये काशाच्या चार मोठ्या वस्तू योगायोगानं हाती लागल्या. बैलजोडीचा रथ, हत्ती, रेडा आणि चक्क गेंडा. अहिल्यानगर जिल्ह्यात एकेकाळी ज्याला गेंडा घडवावासा वाटला, त्याच्या डोळ्यांसमोरचं रान आजच्यासारखं खासच नसणार. पुढे याच परिसरात जोर्वे संस्कृतीची शेतकरी गावं बहरली आणि इसवी सनपूर्व एक हजारच्या सुमारास एकामागून एक ओस पडली. पुरातत्त्वज्ञ म. के. ढवळीकर यांनी याचं कारण पाऊसमान घटण्यात शोधलं. शेती मागे पडली, माणसं शेळ्यामेंढ्यांच्या मागे भटकू लागली, असं त्यांचं प्रतिपादन. सगळ्या अभ्यासकांना ते पूर्णपणे पटलेलं नाही. तरीही तीन हजार वर्षांपूर्वी ज्या खोऱ्यात गावं उठली, तिथेच आज आपण बारमाही उसाची स्वप्नं पाहतो आहोत, हे विसरून चालणार नाही.

ऊस म्हटला की वरचे आणि खालचे हा वाद आलाच. जायकवाडीचा हिशेब मांडला तेव्हा वरून येणारं पाणी गृहीत धरलं होतं. दारणा आणि भंडारदरा ही इंग्रजी अमदानीतली धरणं आधीपासून होती. नंतर गंगापूर, मुळा, मुकणे, निळवंडे अशी भर पडत गेली. 1950 साली प्रवरेकाठी लोणीला विठ्ठलराव विखे पाटलांनी सहकारी साखर कारखाना उभा केला आणि त्या पाण्यावर एक नवी ग्रामीण समृद्धी आली. ती खोटी म्हणता येणार नाही. नगर-नाशिकच्या शेतकऱ्यानं पाण्यासाठी केलेले कष्टही खरे आहेत. पण नदी एकच, आणि खालच्याच्या वाट्याला उरलंसुरलं. अखेर 2005 च्या कायद्यातल्या समन्यायी वाटपाच्या तत्त्वावर बोट ठेवून महाराष्ट्र जलसंपत्ती नियमन प्राधिकरणानं सप्टेंबर 2014 मध्ये आदेश दिला. 15 ऑक्टोबरला जायकवाडीचा साठा 65 टक्क्यांहून कमी असेल, तर वरच्या धरणांनी पाणी सोडायचं. तेव्हापासून 2015, 2018 आणि 2023 अशा तुटीच्या वर्षांत पाणी खाली आलं, आणि दर वेळी आंदोलनं, न्यायालयाच्या खेपा, बंदोबस्त हे सगळं घेऊनच आलं. दिवाळीत व्यापारी वहीपूजन करतात, त्याच्या आगेमागेच गोदावरीचं हे वाटपाचं खातं उघडतं.

या वादात खालच्यांनी स्वतःकडेही पाहायला हवं. पाणी मागताना तहानेचा दाखला द्यायचा आणि आलेलं पाणी कालव्यावरच्या उसाला पाजायचं, हे जमत नाही. जलाशयापासून पन्नासेक किलोमीटरवरचं छत्रपती संभाजीनगर वर्षानुवर्षं आठवड्यातून एखाद्या दिवशी नळ येण्याची वाट पाहत आलं. त्याच शहरातून वाहणारी खाम नदी सांडपाणी वाहून नेते ती नाथसागराकडेच. वरून नाशिकचं, बाजूनं कारखान्यांचं, अशी त्यात भर. टक्केवारीच्या चौकटीत हे पाणी कसं आहे याला जागा नसते. शंभर टक्के भरलेलं धरण घाणही भरलेलं असू शकतं.

भरणं हेही नेहमी सुखाचं नसतं. ऑगस्ट 2006 मध्ये धरणातून सुमारे अडीच लाख क्युसेकनं पाणी सोडावं लागलं आणि पैठण शहर बुडालं. सप्टेंबर 2025 च्या अतिवृष्टीत मराठवाड्यानं पुन्हा तो अनुभव घेतला. ज्या पात्रात एरवी वाळूचे ट्रॅक्टर फिरतात, ते पात्र आपलंच आहे हे नदीनं दोन्ही वेळा दाखवून दिलं.

नाथांची एक कथा प्रत्येक मराठी मुलानं ऐकलेली असते. रामेश्वरासाठी आणलेलं कावडीतलं गंगाजल त्यांनी वाळवंटात तडफडणाऱ्या गाढवाला पाजलं. आपण ती भूतदयेची कथा म्हणून सांगतो. पाणीवाटपाच्या दृष्टीनं पाहिलं तर तिच्यात एक रोखठोक क्रमही आहे. आधी तहान, मग संकल्प. नाथांचं नाव दिलेल्या जलाशयाला निदान हा क्रम लागू व्हावा. पिण्याचं पाणी आधी, मग नदीचं स्वतःचं आणि तिच्यात जगणाऱ्यांचं, मग आठमाही पिकं, आणि उरलंच तर बाकी सगळं.

म्हणून आमची एक साधी मागणी आहे. साठ्याची रोजची चौकट छापताना तिच्यात आणखी तीन ओळी घालाव्यात. मृत साठ्यासह एकूण पाणी किती, ते पिण्यालायक आहे का, आणि आज ते कुणाकुणाला दिलं. ही माहिती गोळा करायला नवं खातं लागत नाही, असलेल्या खात्यांनी एकमेकांशी बोलायला हवं.

या विभागात बुडित गावांतल्या वृद्धांच्या आठवणी आहेत, मच्छीमारांशी झालेल्या गप्पा आहेत, वरच्या आणि खालच्या अशा दोन्ही बाजूंच्या शेतकऱ्यांचे लेख समोरासमोर छापले आहेत, आणि जलाशयावरच्या पाखरांची सचित्र ओळख आहे. कथा, कविता, व्यंगचित्रं आणि वार्षिक राशिभविष्य नेहमीप्रमाणे आहेतच. राशिभविष्य काढून टाकायचा विचार दरवर्षी होतो आणि वाचकांच्या धाकानं दरवर्षी बारगळतो.

फराळाचं ताट बाजूला ठेवून नव्हे, सोबत घेऊनच अंक वाचा. पटलं नाही तिथे खरमरीत पत्र लिहा, वरच्यांनी आणि खालच्यांनीही. ती पत्रं पुढच्या अंकात शेजारी शेजारी छापू.



— संपादक