३५ मिनिटांत पंचवटी, साडेतीन तास वाईनरी

नाशिककरांनो, पोस्ट लांब आहे, तरी वाचा. सिंहस्थ तोंडावर आलाय, पर्यटन वाढवण्याच्या गप्पा रोज पेपरात येतायत, आणि जे पर्यटन आधीच आपल्या दारात येऊन उभं राहतं त्याकडे कोणी बघतच नाही. म्हणजे मुंबई, ठाणे, पुण्याहून निघणाऱ्या एक दिवसाच्या गाईडसह बस सहली. जाहिरात तुम्हीही पाहिली असेल. वर काळारामाचा कळस, खाली वाईनचा ग्लास, मध्ये मोठ्या अक्षरात 'हेरिटेज'.

माझं म्हणणं एवढंच आहे की हा 'हेरिटेज' शब्द फसवा आहे. नाशिकचा इतिहास दाखवतो म्हणून पैसे घ्यायचे आणि नाशिक खिडकीतून दाखवायचं, असा हा धंदा आहे. आणि आपण, पालिकेपासून तुमच्या-माझ्यापर्यंत, 'चला, गर्दी तर होतेय' म्हणून खुश आहोत.

लगेच कोणीतरी खाली लिहील, तीर्थक्षेत्री दारू हवीच कशाला. थांबा. तो माझा मुद्दा नाही, आणि तो वाद मला खोटाच वाटतो. २००१ साली राज्याने द्राक्ष प्रक्रिया उद्योगाचं धोरण आणलं, आपल्याच जिल्ह्यात विंचूरला वाईन पार्क काढलं, दुसरं सांगलीकडे पलूसला. त्याच्या आदल्या वर्षी सुलाची पहिली बाटली बाजारात आली होती. आज 'नाशिक व्हॅली वाईन'ला भौगोलिक मानांकन आहे. हे सगळं इथल्या शेतातून उभं राहिलंय, त्याची लाज वाटायचं कारण नाही. जानेवारी २०२२ मध्ये १००० चौरस फुटांवरच्या दुकानांत वाईन ठेवायला परवानगी द्यायचं मंत्रिमंडळाने ठरवलं तेव्हा काय धुरळा उडाला आठवतोय ना? एकीकडे 'महाराष्ट्र की मद्यराष्ट्र', दुसरीकडे 'शेतकऱ्यांचं भलं'. त्या आरडाओरड्यात २००८-०९ ची आठवण किती जणांनी काढली? मंदी आली, मुंबईवर हल्ला झाला, हॉटेलं ओस पडली, वाईनऱ्यांनी माल उचलला नाही आणि ज्यांनी वाईनच्या द्राक्षांवर भरवसा ठेवला होता त्या शेतकऱ्यांनी उभ्या बागा उपटल्या. वाईन वाईट की चांगली हा प्रश्न त्यांना परवडणारा नव्हता.

तर वाईन दाखवा, पाजा, विका. फक्त नाशिक दाखवतो म्हणून सांगितलंय तर नाशिकही दाखवा.

गेल्या ऑगस्टमध्ये ठाण्याला भावाकडे होतो. वहिनीने घरातल्या सगळ्यांची अशाच एका सहलीची तिकिटं काढून ठेवलेली. नाशिकचा माणूस नाशिक बघायला ठाण्याहून बसमध्ये बसला, हसायचं तेवढं हसून घ्या. टूरवाल्याचं नाव घेत नाही, कारण एकाचं घेतलं तर बाकीचे सुटतील, आणि चार वेगवेगळ्या टूरवाल्यांची पत्रकं मी नंतर चाळली, कार्यक्रम सगळीकडे तोच.

समृद्धीचा इगतपुरी-आमणे टप्पा जून २०२५ मध्ये खुला झाल्यापासून घाटातला वेळ वाचतो. मला वाटलं, चला, तो वेळ गावाला मिळेल. कसलं काय! हायवेवरून पांडवलेणीचा डोंगर दिसला तेव्हा माईकवरून आवाज आला, "राइट साइडला पांडव केव्ज, पांडवांनी वनवासात बांधली." बस थांबली नाही. पंचवटीत रामकुंड, सीतागुंफा, काळाराम मिळून ३५ मिनिटं, त्यातली १० चपला शोधण्यात. दुतोंड्या मारुतीसमोर सेल्फी. गोदावरीचा पूर आपण त्या मारुतीच्या अंगावर मोजतो, पाणी कमरेला लागलं की छातीला यावर अख्खं गाव बोलतं, हे सांगायला गाईडला अर्धं मिनिट लागलं असतं. पण त्याला ते ठाऊकच नव्हतं. मग मनुका-चिवड्याच्या एका दुकानात सक्तीचा अर्धा तास. दुकानदाराने चालकाच्या हातात पाकीट ठेवलं ते मी पाहिलं. नंतर वाईनरी. जेवण तिथेच, टेस्टिंग तिथेच, खरेदी तिथेच. साडेतीन तास. आणि परत.

जुनं नाशिक? सरकारवाडा, भांडी बाजार, तांबट आळी, पेशवाईपासूनच्या रहाडी, अनंत कान्हेरेंनी २१ डिसेंबर १९०९ ला कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या ते विजयानंद थिएटर? बस तिकडे वळलीसुद्धा नाही. गल्ल्या अरुंद आहेत, मान्य. पण माणसांना पाय असतात.

आता मला खरोखर झोंबलेली गोष्ट सांगतो. वाईनरीकडे जाताना गंगापूर रोडवर गोवर्धन लागतं. बस गोवर्धनमधून गेली तेव्हा गाईड ग्लास कसा धरायचा ते शिकवत होता. अहो, हे तेच गोवर्धन! सकाळी जी लेणी खिडकीतून दाखवून 'पांडवांची' म्हणून सोडून दिली, तिथल्या शिलालेखांत या गोवर्धनाचं नाव कोरलेलं आहे. सुमारे १९०० वर्षांपूर्वी. क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याने १० क्रमांकाचं लेणं खोदवलं आणि भिक्षूंच्या खर्चासाठी ३००० कार्षापणांची ठेव ठेवली. कुठे? गोवर्धनातल्या विणकरांच्या श्रेणींकडे. २००० एका श्रेणीत, दरमहा शेकडा १ व्याजाने, आणि १००० दुसरीत, शेकडा पाऊण. मुद्दलाला हात लावायचा नाही, फक्त व्याज वापरायचं. २० भिक्षूंना चीवरांसाठी वर्षाला प्रत्येकी १२ कार्षापण. हिशेब करून बघा, २००० वर दरमहा शेकडा १ म्हणजे वर्षाला २४०, बरोबर २० गुणिले १२. फिक्स डिपॉझिटची पावती आहे ती, दगडात कोरलेली! आणि जवळच्याच ३ क्रमांकाच्या लेण्यात गौतमी बलश्री आपल्या मुलाचा, गौतमीपुत्र सातकर्णीचा पराक्रम सांगते, त्याने नहपानाचं क्षहरात घराणं कसं संपवलं ते. पुरावा हवा? १९०६ साली आपल्याच जिल्ह्यात जोगलटेंभीला नहपानाची १३,००० हून जास्त चांदीची नाणी सापडली, त्यातल्या बहुतेकांवर सातकर्णीने आपला छाप मारलेला.

म्हणजे एकाच रस्त्यावर एका टोकाला लेणी, दुसऱ्या टोकाला त्या लेण्यांना पैसा पुरवणारं गाव, आणि त्या गावच्या शिवारात आजची द्राक्षं. यापेक्षा सोपी गोष्ट गाईडला कोण देणार? डोंगर चढायला पंधरा-वीस मिनिटं लागतात. ज्यांचे गुडघे दुखतात त्यांना पायथ्याशी बसवून सांगा. फाळके स्मारक तिथेच आहे, दादासाहेबांचा जन्म त्र्यंबकचा, १८७० चा, तेही सांगून होईल. पण नाही. पांडव आले, पांडव गेले.

वाईनरीतही तीच तऱ्हा, हे मुद्दाम सांगतो, म्हणजे मला वाईनचं वावडं आहे असं कोणी म्हणू नये. वाईनरीच्या माणसांबद्दल तक्रार नाही, त्यांनी टाक्या, पिंपं नीट दाखवली. पण डोंबिवलीच्या एका काकूंनी आमच्या गाईडला विचारलं, "अरे, वेलींवर द्राक्षं कुठायत?" उत्तर आलं, "ऑफ सीझन आहे." झालं. खरं उत्तर केवढं रंजक आहे. युरोपात थंडीत वेल झोपते आणि वर्षातून एकदाच छाटणी होते. आपल्याकडे वेल झोपतच नाही, म्हणून आपला शेतकरी दोनदा छाटतो. उन्हाळ्यात खरड छाटणी, तिच्यातून नुसत्या काड्या तयार करायच्या. पावसाळा सरताना फळछाटणी, आणि त्या काड्यांवर जानेवारी ते मार्चमध्ये माल. दोन छाटण्या, एक पीक. ऑगस्टमध्ये दिसणारी हिरवी काडी म्हणजे पुढच्या फेब्रुवारीची वाईन. काकूंना मी हे सांगितलं तेव्हा आसपासची सात-आठ माणसं ग्लास हातात धरून ऐकत उभी राहिली. 'लोकांना इतिहास-भूगोल नको असतो, मजा हवी असते' असं टूरवाले सांगतात ना, त्यांच्यासाठी हे लिहितोय.

आणि काळाराम. इथे मी गप्प बसू शकत नाही. गाईडने मंदिराचा काळा दगड सांगितला, पेशवाई सांगितली, जानेवारी २०२४ मध्ये पंतप्रधान आले होते तेही सांगितलं. २ मार्च १९३० सांगितलं नाही. त्या दिवशी बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली हजारो माणसं या दरवाजांपर्यंत आली, दरवाजे बंद करून घेतले गेले. त्याच वर्षी रामनवमीच्या रथावरून दगडफेक झाली. दादासाहेब गायकवाडांनी इथे लढा तगवून धरला, तो काही वर्षं चालला, दार उघडलं नाही. १३ ऑक्टोबर १९३५ ला येवल्यात बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली. येवलाही आपल्याच जिल्ह्यात. विसाव्या शतकातला देशाचा इतिहास ज्या दारात अडला, त्या दारात उभं राहून आमचा गाईड चपला कुठे ठेवायच्या ते सांगत होता.

परतीच्या चहाला त्या पोराला बाजूला घेऊन विचारलं. भला मुलगा होता. म्हणाला, "काका, मला माहितेय हो. पण वरून सांगितलंय, वादाचे विषय घ्यायचे नाहीत."

वादाचे विषय! मंदिरप्रवेश हा वादाचा विषय झाला? मग कान्हेरेही वादाचे, सातकर्णी-नहपानही वादाचे. ज्यातून कोणालाच काही वाटणार नाही असा इतिहास म्हणजे चिवड्याचं पाकीट. त्या मुलाला मी दोष देत नाही, त्याला दिवसाची मजुरी मिळते आणि छापील कागद मिळतो. दोष कागद लिहिणाऱ्याचा, आणि तो कागद कधीच न मागणाऱ्या आपल्या यंत्रणेचा.

काही हॉटेलवाले मित्र म्हणतात, उगाच कडक नियम केलेस तर बस येणं बंद होईल. मी उलट विचारतो, आज आल्याने तुला काय मिळतं? ते तुझ्याकडे राहत नाहीत, जेवत नाहीत. पंचवटीतल्या फुलवाल्याकडून हार घ्यायलासुद्धा त्यांना वेळ नसतो. गावाला मिळतो तो बसचा धूर आणि पाण्याच्या बाटल्या. माणूस इथे एक रात्र राहिला तर तुझी खोली भरेल, आणि एक रात्र राहायला कारण लागतं. कारणं पडून आहेत. सिन्नरचं यादवकालीन गोंदेश्वर इथून ३० किलोमीटरवर, मंदिर बघून लोक अवाक् होतात. चांदवडला अहिल्याबाईंचा रंगमहाल. आणि पानिपतावर लढलेल्या विठ्ठल शिवदेव विंचूरकरांचं विंचूर, जिथे वाईन पार्कही आहे. पुढे येवला, पैठणीचे माग आणि मुक्तिभूमी. जुनी गावं आणि वाईन एकत्रच विकायची असतील तर हा रस्ता आयता तयार आहे. यावर एकही बस दिसत नाही.

माझी मागणी मोठी नाही. सिंहस्थासाठी बसचे वाहनतळ होतायत. तिथे उभ्या राहणाऱ्या प्रत्येक सहलीच्या बसला गावातला प्रशिक्षित गाईड घेणं सक्तीचं करा, निदान गावात असेपर्यंत. आपल्या कॉलेजांतून इतिहास शिकून बाहेर पडलेली पोरं डिलिव्हरीच्या गाड्या चालवतायत, त्यांना प्रशिक्षण द्या, ओळखपत्र द्या, दर ठरवून द्या. आणि 'हेरिटेज' शब्द वापरणाऱ्याने कुठल्या ठिकाणी किती मिनिटं थांबणार ते तिकिटावर छापावं. लोकांनी ते वाचून काय घ्यायचं ते घ्यावं. ज्याला फक्त वाईनरी बघायचीय त्याने खुशाल बघावी, पण तिकिटावर वाईनरी लिहिलेलं असावं.

निवेदन तयार आहे. एक प्रत पालिका आयुक्तांना, एक पर्यटन महामंडळाच्या इथल्या कार्यालयाला. मला लागतायत ती अशा सहलींची छापील किंवा व्हॉट्सॲपवर आलेली वेळापत्रकं. ज्यांच्याकडे असतील त्यांनी फोटो इथे टाका, टूरवाल्याचं नाव झाकून टाकलं तरी चालेल, मिनिटं दिसली पाहिजेत. रविवारपर्यंत जेवढी येतील तेवढी जोडतो आणि सोमवारी जाऊन देतो. कोणाला बरोबर यायचं असेल तर सकाळी ११ वाजता राजीव गांधी भवनाच्या पायऱ्यांशी भेटा.