तुकोबांचा सिनेमा आणि कागलचे शेख

गेल्या आषाढात तुकोबांची पालखी बारामतीत आली, तेव्हा मी सुट्टी काढून माळेगाव बुद्रुकला घरी आलो होतो. शाळेतल्या मित्रांबरोबर दर्शनाच्या गर्दीत फिरलो आणि फोटो ऑफिसच्या ग्रुपवर टाकले. एका सहकाऱ्याने विचारलं, "तुझा काय संबंध?" दुसऱ्या दिवशी नमाजनंतर गल्लीतला एक दोस्त म्हणाला, "भाई, आपला काय संबंध?" दोघांनाही मी एकच नाव पाठवलं: शेख फत्तेलाल.

फत्तेलाल मूळचे कागलचे. सगळे त्यांना साहेबमामा म्हणत. बाबूराव पेंटरांच्या हाताखाली ते चित्रपटाची कला शिकले. १९२९ साली कोल्हापुरात 'प्रभात' उभी राहिली, तिच्या संस्थापकांपैकी ते एक. विष्णुपंत दामले यांच्यासोबत त्यांनी १९३६ मध्ये 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला. पुढच्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. त्यानंतर 'संत ज्ञानेश्वर', 'संत सखू'. महाराष्ट्राच्या कित्येक पिढ्यांच्या डोळ्यांसमोर तुकोबा म्हणून जो चेहरा येतो, तो घडवणाऱ्या दोघांपैकी एक मुसलमान होता.

मी इंजिनिअर माणूस. त्या सिनेमातले चमत्कार मला पटत नाहीत. पण रिकाम्या घरात मुलांच्या पोटासाठी नवऱ्यावर आणि त्याच्या विठोबावर चिडणारी जिजाई खरी वाटते. संताचं चरित्र सांगायचं तर त्याच्या घरातली चूल दाखवावी लागते, हे या जोडीला कळलं होतं. ते कळायला माणूस समजून घ्यावा लागतो, जात-धर्माचा दाखला लागत नाही.

मात्र एक धोका आहे. फत्तेलालांचं नाव आपण 'बघा, आम्हीही चांगले' असं सर्टिफिकेट म्हणून फिरवायला लागलो, तर तो त्यांच्यावरच अन्याय होईल. दामल्यांना कोणी असं सर्टिफिकेट मागत नाही, मग फत्तेलालांचं का दाखवायचं? दोघांनी काम केलं आणि काम उत्तम केलं, एवढं पुरे आहे.

आणि दुसऱ्या बाजूच्या दोस्तालाही सांगायचंय. तुकोबांची भाषा हीच माझ्या अम्मीची बाजारात भाव करण्याची भाषा, माझी शाळेची भाषा. श्रीगोंद्याच्या शेख महंमदांनी याच मराठीत ग्रंथ लिहिले. शेजाऱ्याची श्रद्धा समजून घेतल्याने आपला ईमान कमी होत नाही.

मित्रांनो, आज कॅमेरा प्रत्येकाच्या खिशात आहे. त्यावर आपण दिवसभर दुसऱ्यांनी बनवलेले, एकमेकांची भीती घालणारे व्हिडिओ बघतो. त्यापेक्षा गावातल्या एखाद्या म्हाताऱ्या कीर्तनकाराजवळ बसा, दर्ग्याच्या मुजावरांजवळ बसा. त्यांना विचारा, ऐका, रेकॉर्ड करा. पुढच्या आषाढात मी फोटो काढणार नाही. एका वारकऱ्याची आणि त्याला पाणी देणाऱ्या आमच्या चाचांची मुलाखत घेणार आहे.

संबंध काय, ते तेच दोघे सांगतील.