अजून दोघं बसतेत!

मर्यादा पाळावी ती रामानं, आपण नुसतं त्याचं नाव घ्यावं, असा आमच्या डोंगरकड्याचा साधा हिशेब आहे. नांदेडच्या काळीपिवळीला परवाना नऊ माणसांचा. पंधरावा मी असतो. तरी ड्रायव्हर म्हणतो, "सरका की साहेब जरासं, अजून दोघं बसतेत!" आणि बसतातही! त्यामुळे पुस्तकातले आकडे भित्र्या माणसांनी लिहिलेले असतात, अशी गावाची ठाम समजूत झाली आहे.

आमचे एक शेजारी हाच न्याय विमानाला लावतात. "अहो, पंखाची ताकद मुळातच दीडपट धरलेली असते. मग थोडं इकडंतिकडं झालं तर बिघडलं कुठं?"

दीडपट हे खरं. पण मी पडलो कॉमर्सचा पदवीधर, निम्मी हयात बँकेच्या काउंटरमागे गेलेली. मला त्यात राखीव निधी दिसतो. तो वाईट वर्षासाठी असतो. चांगल्या वर्षी त्यातून पेढे वाटणाऱ्या संस्थेचं पुढं काय होतं, ते तिच्या ठेवीदारांना विचारा! विमानातला हा निधी अवचित आलेल्या वावटळीच्या नावावर जमा असतो. त्यावर चेक फाडायचा अधिकार आपल्याला नाही.

विमानाच्या पुस्तकात वजन, ऊन, वारा आणि धावपट्टीची लांबी पाहून वेग ठरवून दिलेले असतात. एका वेगापर्यंत ब्रेक मारता येतो, त्यापुढं उडायचंच. दुसऱ्या वेगाला नाक उचलायचं. ऊन चढलं की हवा विरळ होते आणि तेवढंच वजन उचलायला पट्टी जास्त लागते. मराठवाड्याच्या उन्हापुढं "चालतंय हो" चालत नाही.

२६ एप्रिल १९९३ रोजी तेव्हाच्या औरंगाबादेहून मुंबईला निघालेलं इंडियन एअरलाइन्सचं बोइंग ७३७ धावपट्टीपलीकडच्या बीड रस्त्यावर कापसाच्या गाठींनी भरलेल्या ट्रकला धडकलं. ११८ पैकी ५५ माणसं गेली. चौकशीत दोन दोष निघाले. वैमानिकांनी नाक उशिरा आणि चुकीच्या रीतीनं उचललं, हा पहिला. विमानाच्या वेळी त्या रस्त्यावरची वाहतूक विमानतळ प्राधिकरणानं आवरली नाही, हा दुसरा.

दुसरा दोष पुन्हा वाचा. मर्यादा काही एकट्या कॉकपिटात राहत नाहीत, त्यांचा एक पाय खाली रस्त्यावरही असतो. वैमानिकाला दोष देऊन आपण मोकळे होतो, पण रस्ता अडवण्याचा नियमही त्याच तोलाचा असतो.

तेव्हा विमानाला उशीर झाला तर वैमानिकाला घड्याळ दाखवू नका, त्याला आकडे जुळवू द्या. आणि फाटक बंद दिसलं तर हॉर्न वाजवू नका. "आजवर काही झालं नाही" ही साक्ष नेहमी पोचलेली माणसंच देतात. जी पोचली नाहीत, त्यांची साक्ष घ्यायला कोणी जात नाही.