पलंगाखालून वारा जाऊ द्या

नागपुरातल्या कुठल्याही फर्निचरच्या दुकानात गेलं की विक्रेता आधी पलंग उघडून दाखवतो. हायड्रोलिकवर फळा वर जातो, आतला भलामोठा कप्पा दिसतो आणि घरची मंडळी मनातल्या मनात रजया, सतरंज्या, दिवाळीची भांडी त्यात रचू लागतात. गादी नेमकी कशावर टेकणार, हे कोणी विचारत नाही. ती टेकते प्लायवर. वरून सनमायका मारलेला, चारही बाजूंनी बंद, हवेला जायला एक भोक नाही. मी उभी हयात आयटीआयमध्ये सुतारकाम शिकवलं. त्या अनुभवावरून सांगतो, आपल्या शहराच्या हवेत असा पलंग करणं चूक आहे. गादीखाली अस्सल लाकडाच्या पट्ट्या हव्यात, आणि दोन पट्ट्यांमध्ये फट हवी.

आपली हवा कशी आहे ते बघा. २३ मे २०१३ रोजी नागपुरात ४७.९ अंश तापमान नोंदलं गेलं. तसा दिवस दर वर्षी येत नाही, पण चव्वेचाळीस-पंचेचाळीसचं आपल्याला नवल उरलेलं नाही. मार्च संपता संपता खिडक्यांना कूलर लागतात, वाळ्याच्या नव्या ताट्या बसतात आणि पुढचे तीन महिने रात्रभर ओला वारा खोलीत येत राहतो. बाहेर कोरडं ठणठणीत आणि आत दमट, अशी आपली उन्हाळ्यातली झोपायची खोली असते. जूनच्या उत्तरार्धात पाऊस येतो तेव्हा तर आतबाहेर सगळंच दमट. माणसाला घाम येतो, तो गादीत उतरतो. वरून चादर, खालून प्लाय. मधली गादी पापडासारखी सादळते, आणि पापड निदान उन्हात तरी घालतात. आजची आठ इंची फोमची गादी उचलून गच्चीवर न्यायची तर दोन धडधाकट माणसं लागतात, म्हणून ती वर्षानुवर्षं हलतच नाही.

आमच्या पिढीनं बाज वापरली. सुतळीची असो की नवारीची, उन्हाळ्यात ती संध्याकाळी गच्चीवर किंवा अंगणात निघायची, खाली पाणी शिंपडायचं, आणि वारा पाठीला खालून लागायचा. बाजेत दोष होता. महिन्या-दोन महिन्यांत ती झोळीसारखी खोल व्हायची, मग पायथ्याची दोरी ओढून ताणावी लागायची. कंबरदुखी असलेल्याला ती नकोशी वाटायची. पण जिथं एप्रिल-मे असे असतात, तिथं झोपायची जागा खालून मोकळी पाहिजे, हे ती विणणाऱ्याला पक्कं माहीत होतं. पट्ट्यांचा पलंग म्हणजे बाजेचा वारा आणि फळीचा सपाटपणा एकत्र. युरोपात १९५० च्या दशकापासून वाकवलेल्या लवचीक पट्ट्यांचे पलंग निघाले. तिथला त्रास थंडीतल्या ओलीचा, आपला कूलरचा आणि पावसाचा. उपाय एकच.

गेल्या पावसाळ्यात बेसा भागात माझ्या पुतणीच्या फ्लॅटमध्ये गेलो होतो. नवी गादी वास मारते, बदलून घ्यायची आहे, असं ती म्हणत होती. आम्ही दोघांनी मिळून गादी उभी केली. खालच्या पांढऱ्या सनमायक्यावर दोन माणसांच्या पाठीच्या आकाराचे, हिरवट काळ्या बुरशीचे दोन लांबोळे डाग होते. बोट फिरवलं तर बोटाला चिकट ओल लागली. बाकीचा फळा कोरडा, स्वच्छ. गादीच्या खालच्या कापडावर तेच दोन डाग जसेच्या तसे उमटलेले. ती म्हणाली, ‘‘काका, गादीच खराब निघाली न?’’ गादी चांगली होती. तिला श्वास घ्यायला जागा नव्हती, एवढंच. त्याच दिवशी फळ्याला सहा-सहा इंचांवर इंचभर व्यासाची भोकं पाडून दिली आणि कडा पॉलिश पेपरनं घासल्या. ज्यांच्याकडे असा पलंग आहे आणि नवा करायचा नाही, त्यांनी निदान एवढं तरी करावं. खर्च जवळपास काही नाही, ड्रिल कोणाकडेही मिळते.

यावर दोन आक्षेप हमखास येतात. पहिला असा, की पाठीला कडक फळीच बरी, डॉक्टरच सांगतात. हा समज फार जुना आहे. २००३ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात स्पेनमधल्या संशोधकांचा अभ्यास छापून आला होता. जुनाट कंबरदुखीचे ३१३ रुग्ण घेतले, काहींना कडक गादी दिली, काहींना मध्यम कडक. तीन महिन्यांनी मध्यम कडक गादीवाल्यांचा त्रास जास्त कमी झालेला आढळला. तो अभ्यास गादीचा आहे, पट्ट्यांचा नाही, पण ‘जितकं कडक तितकं बरं’ हे त्यातून खोटं ठरतं. शिवाय नीट बसवलेल्या पट्ट्या काही झुलत नाहीत. भार आला की किंचित लवतात आणि परत येतात. दुसरा आक्षेप सामानाचा, आणि तो मला पूर्ण मान्य आहे. दोन खोल्यांच्या घरात पलंगाखालची जागा वाया घालवणं कोणाला परवडत नाही. तर कप्पा ठेवा, पण वरचा फळा चौकटीचा आणि पट्ट्यांचा करा, कप्प्याच्या दोन्ही बाजूंना जाळी किंवा झरोके द्या, आणि कपडे चेनच्या पिशव्यांत घाला. पट्ट्यांतून धूळ पडते ही तक्रार तिथंच संपते.

आता पट्ट्या कशा घ्यायच्या आणि कशा बसवायच्या. सहा फूट बाय साडेसहा फूट, म्हणजे ७२ बाय ७८ इंचांचा डबल बेड धरू. पट्टी तीन इंच रुंद, एक इंच जाड. पाऊण इंचात भागवू, असं सुतार म्हणेल, पण ऐकू नका. लाकडाचा ताठपणा जाडीच्या घनाच्या प्रमाणात वाढतो. पाऊण इंचाची पट्टी एक इंचाची केली की ती दुपटीहून जास्त ताठ होते, लाकूड मात्र एक तृतीयांशच वाढतं. दुसरी गोष्ट मधल्या दांडीची. उशाकडून पायथ्यापर्यंत जाणारी दोन बाय तीन इंचांची दांडी, तीन इंचांची बाजू उभी ठेवून, आणि तिच्याखाली जमिनीला टेकणारे दोन ठोकळे. पट्टीची मोकळी लांबी अशी निम्मी झाली की तेवढ्याच वजनाखाली तिचं वाकणं आठवा हिस्सा राहतं. मोडलेल्या पलंगाचं गाऱ्हाणं घेऊन कोणी आलं की मी आधी हेच विचारतो, मध्ये टेकू होता का? बहुतेक वेळा नसतो. विकत आणलेल्या स्वस्त पलंगात ही दांडी असलीच तर ती अधांतरी असते, जमिनीला पाय नसतो.

मधली दांडी आहे म्हटल्यावर सहा फुटी सलग पट्ट्यांची गरजच नाही. तीन-तीन फुटी तुकड्यांच्या दोन रांगा करा. एका रांगेत पंधरा पट्ट्या. पंधरा त्रिक पंचेचाळीस इंच लाकडाचे, उरले तेहतीस इंच, आणि दोन्ही टोकं धरून फटी सोळा. म्हणजे फट दोन इंचांहून जराशी मोठी. फोम, लेटेक्स किंवा स्प्रिंगच्या गादीला हे माप चांगलं. तीन इंचांच्या पुढे जाऊ नका, फोम फटीत उतरतो आणि तिथं कायमचा बसतो. काथ्याच्या गादीलाही चालतं. घरात कापसाची गादी असेल, आणि अजून पुष्कळ घरांत आहे, तर फट इंच-दीड इंचावर आणा, पट्ट्या वाढवा आणि वर एक चटई अंथरा. सगळं मिळून लाकूड लागतं पावणेदोन ते दोन घनफूट. प्लाय टाकायचा तर आठ बाय चारच्या दोन शीट फाडाव्या लागतात. दोन्हींचे भाव एकाच दिवशी विचारून बघा, फरक वाटतो तेवढा नसतो.

बाजूच्या फळ्यांना आतून दीड बाय दीडची टेकणपट्टी मारायची, सरसावर न विसंबता आठ-आठ इंचांवर स्क्रू घालून. साग तेलकट असतो, रंधा मारून बराच वेळ गेला असेल तर त्यावर फेव्हिकॉल नीट धरत नाही. स्क्रूआधी बारीक भोक पाडलंच पाहिजे, नाहीतर टेकणपट्टी टोकाशी उभी चिरते. टेकणपट्टीवर सायकलच्या जुन्या ट्यूबची लांब चीर काढून चिकटवा. कुशीवर वळताना पलंग करकरतो तो लाकडावर लाकूड घासून. या रबरानं तो आवाज जातो. पट्टीच्या वरच्या दोन्ही कडा रंध्यानं मारून गोल करा, गादीचं कापड कापणार नाही. पट्टीला किंचित बाक असेल तर फुगीर बाजू वर. फटीच्या मापाचा एक ठोकळा कापून हाताशी ठेवा आणि तो लावत लावत पट्ट्या मांडा. टेपनं प्रत्येक वेळी मोजत बसलात तर शेवटच्या पट्टीला जागा कमी पडते.

आणि इथं आपली जुनी नवार कामाला येते. पट्ट्या मांडून झाल्या की पट्ट्यांच्या दोन्ही टोकांपासून चार बोटं आत नवारीचा एकेक पट्टा लांबीनं ताणायचा आणि प्रत्येक पट्टीवर दोन-दोन चुका मारून पक्का करायचा. स्क्रू फक्त पहिल्या आणि शेवटच्या पट्टीला, तोही रुंदीच्या मधोमध एकेक, म्हणजे पावसाळ्यात लाकूड फुगलं तरी तडकत नाही. बाकीच्या पट्ट्या नवारीच्या आधारानं जागच्या जागी राहतात. चार स्क्रू काढले की अख्खी रांग चटईसारखी गुंडाळून काखेत मारता येते. मे महिन्यात गच्चीवर दोन दिवस पसरली की ढेकणांचा त्रास कमी होतो.

लाकूड कुठलं? साग परवडत असेल तर साग, पण पट्टी गाभ्याची हवी. कडेच्या पांढऱ्या भागाला वाळवी आणि घुण दोन्ही लागतात, आणि व्यापारी पट्ट्यांसाठी नेमका तोच भाग खपवतो, कारण गादीखाली कोणी बघत नाही. तुम्ही बघा. बीजा आणि ऐनही चालतात. ऐन जड आहे, रंध्याला दाद देत नाही, पण नीट वाळवलेला असेल तर मजबूत. पॅकिंगच्या पेट्यांचं पाईन घ्यायचं तर गाठी निवडून फेका, पट्टी मोडते ती गाठीतच. लकडगंजात नवा माल मिळतो. पण माझी पसंती पाडकामाच्या लाकडाला आहे. महाल, इतवारीतले जुने वाडे उतरताहेत; त्यांचे म्याल, दारांच्या चौकटी, जिन्याच्या फळ्या विकायला येतात. हा साग अनेक उन्हाळे-पावसाळे खाऊन थंड झालेला असतो, आता तो वळणार नाही. आरामशीनवर देण्याआधी प्रत्येक खिळा उपटा, लोहचुंबक फिरवून बघा. पात्याचे दात गेले तर आरावाला पुढच्या वेळी दारात उभा करणार नाही. बाहेरून काळवंडलेला म्याल चिरला की आत मधाच्या रंगाचं लाकूड निघतं, आणि त्याचा तो ओळखीचा तेलकट वास सगळ्या आवारात पसरतो. हे लाकूड जळणात जाताना बघवत नाही.

आपण सागाच्या मुलखात राहतो. २०२३ मध्ये उद्घाटन झालेल्या नव्या संसद भवनाला साग नागपुरातून गेला. त्याच वर्षी मार्चमध्ये बल्लारपूरहून अयोध्येच्या राममंदिरासाठी साग वाजतगाजत रवाना झाला. आलापल्लीच्या जंगलाचं नाव सागासाठी देशभर घेतलं जातं. १९७४ साली स्थापन झालेल्या महाराष्ट्र वन विकास महामंडळाचं मुख्यालय याच शहरात आहे. त्याच शहरातली माणसं भुसा दाबून केलेल्या पार्टिकल बोर्डावर झोपतात, आणि दोन पावसाळ्यांत तो बोर्ड स्क्रूपाशी फुगून सुटतो. मला याचं वाईट वाटतं.

माझी मागणी महामंडळाकडे आहे. दारं, चौकटी, तुळया यांना लांब आणि रुंद लाकूड लागतं. रोपवनातली विरळणी केली की हाती येतो तो कमी जाडीचा साग, आणि मोठी मापं चिरताना उरतात ते आखूड तुकडे. पलंगाच्या पट्टीला तीन फूट लांबी आणि तीन इंच रुंदी पुरते. या लाकडाला यापेक्षा चांगला उपयोग मला सुचत नाही. कोवळ्या सागात पांढरा भाग जास्त, हे खरं. त्यासाठी टाकणखार आणि बोरिक ॲसिडच्या द्रावणात पट्ट्या बुडवून वाळवाव्या लागतील, आणि ते काम आयटीआयचा विद्यार्थीही करू शकतो. घरगुती माणूस दोन घनफुटांसाठी लिलावाच्या बोलीत उभा राहू शकत नाही. त्याला तयार, वाळवलेल्या, प्रक्रिया केलेल्या पट्ट्यांचा तीस नगांचा एक गठ्ठा मिळावा, वर जात, जाडी आणि किंमत लिहिलेली असावी. नागपुरातल्या एका विक्री केंद्रावर एक उन्हाळा हा प्रयोग करून पाहावा. आणि फर्निचरच्या दुकानदारांनी बिलावर गादीखालचा भाग कशाचा आहे ते लिहून द्यावं: प्लाय, पार्टिकल बोर्ड की पट्ट्या, पट्ट्या असतील तर कुठल्या लाकडाच्या, किती जाड, आणि मधल्या दांडीला जमिनीवर पाय आहे की नाही.