देवीची आयुधे

नवरात्र आले म्हणजे गोमंतकातील देवालये दीपांनी उजळून निघतात. मखरात बसविलेली देवी झुलविली जाते आणि आबालवृद्धांचे हात आपोआप जोडले जातात. अशाच एका रात्री आमच्या वर्गातील एका मुलीने आम्हांस विचारले, "देवीला एवढी शस्त्रे दिली कोणी?" प्रश्न लहानच, परंतु त्याने आम्हांस बराच काळ विचारात पाडले.

मार्कंडेय पुराणातील देवीमाहात्म्यात त्याचे उत्तर आहे. महिषासुराने स्वर्ग बळकावला, तेव्हा देवांच्या एकवटलेल्या तेजातून देवी प्रकट झाली. शंकराने तिला त्रिशूळ दिला, विष्णूने चक्र, इंद्राने वज्र, वायूने धनुष्य व भाते, तर हिमालयाने वाहनासाठी सिंह. इंद्रादी देवांचे प्रसिद्ध स्तोत्र येते ते महिषासुराच्या वधानंतर. म्हणजे देवांनी आयुधे आधी दिली, स्तवन मागाहून केले. आम्ही मात्र स्तवन करून थांबतो.

आजच्या स्त्रीची आयुधे दोन : विद्या आणि हक्क. पुण्यात १८४८ साली जोतीराव व सावित्रीबाई फुले यांनी मुलींची शाळा काढली, तेव्हा पहिले आयुध तिच्या हाती आले. दुसऱ्याच्या बाबतीत गोमंतक भाग्यवान खरा. १८७० पासून येथे लागू झालेल्या पोर्तुगीज नागरी संहितेने वारशात कन्येला पुत्राच्या बरोबरीने स्थान दिले. परंतु कायद्याने दिलेले हे आयुध पुष्कळदा घरातच काढून घेतले जाते. वाटणीची वेळ आली, की बहिणीपुढे हक्कसोडीचा कागद येतो आणि माहेर तुटू नये म्हणून ती निमूटपणे सही करते.

"ती स्वखुशीनेच सोडते," असे कोणी म्हणेल. तसे असेल तर तिचे औदार्य वंदनीयच होय. परंतु 'नाही' म्हटल्यावरही जिला भाऊबीजेचे बोलावणे पूर्वीसारखेच येईल, तिच्याच 'हो'ला आम्ही स्वखुशी म्हणू.

कवळ्याच्या श्रीशांतादुर्गेची कथा आपणां सर्वांस ठाऊक आहे. शिव आणि विष्णू यांचे युद्ध जुंपले असता ती मध्ये उभी राहिली व दोघेही थांबले. दोन बलाढ्य देवांनी तिचा शब्द मानला, यातच तिचे देवत्व आहे. आपल्या घरी जमिनीची, शिक्षणाची वा विवाहाची बोलणी चालतात, तेव्हा आई आणि ताई कोठे असतात? बैठकीत, की चहाचे कप घेऊन दारापाशी?

विद्यार्थिमित्रहो, उद्या तुम्हीच घरचे कर्ते व्हाल. मखरापुढे हात अवश्य जोडा. परंतु बहिणीच्या हातातील आयुध कधी काढून घेऊ नका. आणि मुलींनो, कोणताही कागद नीट वाचल्यावाचून त्यावर सही करू नका. त्यासाठीच तर आम्ही तुम्हांला अक्षरे शिकवितो.