कार्ड मिळतं, पैसे नाही

अमेरिकेतल्या मराठी मंडळींच्या गप्पांत सरकारी मदतीचा विषय निघाला आणि कुणाचं तरी ईबीटी कार्ड चोरीला गेल्याचं कळलं, की दोन वाक्यं हमखास ऐकू येतात. पहिलं : "अहो, फोन करायचा, दुसरं कार्ड मागवायचं. त्यात काय एवढं?" दुसरं : "स्वतःचा पिन सांभाळता येत नाही, त्याला सरकार काय करणार?" पहिलं वाक्य अर्धसत्य आहे आणि दुसरं अज्ञानातून येतं. ते बोलणारे लोक शिकलेले आहेत, त्यातले कित्येक बँकांच्या आणि पेमेंट कंपन्यांच्या सॉफ्टवेअरवर पोट भरतात, म्हणून मला त्याचा जास्त राग येतो.

ज्यांचा या कार्डाशी कधी संबंध आला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. अमेरिकेत गरीब कुटुंबांना अन्नधान्यासाठी जी सरकारी मदत मिळते, तिला स्नॅप म्हणतात. २००८ पर्यंत तिचं नाव फूड स्टॅम्प होतं आणि जुनी माणसं अजून तेच म्हणतात. पूर्वी कागदी कुपनं मिळत, आता दर महिन्याला ठरलेल्या दिवशी एका खात्यात रक्कम जमा होते आणि ती ईबीटी कार्डाने दुकानात वापरायची. २०२४ मध्ये चार कोटींहून जास्त माणसं या मदतीवर होती. २०२४ च्या आर्थिक वर्षात माणशी सरासरी १८७ डॉलर महिन्याला मिळत होते, म्हणजे दिवसाला सहा डॉलरच्या आसपास. आपल्यातले अनेकजण सकाळच्या कॉफीवर एवढे घालवतात. (मीही घालवते. पोस्टडॉकच्या पगारात दुसरी चैन परवडत नाही.)

आता त्या पहिल्या वाक्याकडे. कार्ड हरवलं तर दुसरं मिळतं, हे खरं. केंद्राचा नियमच आहे : कुटुंबाने कळवल्यापासून दोन कामकाजाच्या दिवसांत राज्याने नवं कार्ड द्यायचं, एका मध्यवर्ती ठिकाणाहून टपालाने पाठवत असतील तर पाच दिवसांपर्यंत सवलत. कार्ड हरवल्याचं कळवल्यानंतर कुणी पैसे काढले तर ती जबाबदारी राज्याची. खात्यातली शिल्लक खात्यातच राहते, नव्या कार्डाला जोडली जाते. कागदावर सगळं ठीक दिसतं. पत्ता बदललेला असेल, तर आधी तो कार्यालयात बदलून घ्या, मग कार्ड निघेल, मग टपाल. आणि तोवर घरात काय शिजवायचं हा प्रश्न नियमात कुठे येत नाही, हा भाग सोडून देऊ. तेवढा त्रास आपण रेशनकार्डाची दुय्यम प्रत काढताना तहसील कार्यालयात काढलेला आहे, असं म्हणून काही काका तो उडवूनही लावतात.

पण रेशनकार्ड हरवलं तेव्हा त्यातून धान्य हरवलं नव्हतं. इथे चोराला कार्ड नको असतं, पैसे हवे असतात. आणि ते घेण्यासाठी त्याला कार्डाला हातही लावावा लागत नाही.

२०२५ च्या फेब्रुवारीत आमच्या इमारतीत संध्याकाळी सफाईला येणाऱ्या एका बाईंनी मला प्रयोगशाळेच्या दारात थांबवलं. त्यांचं इंग्रजी तोडकं, माझं स्पॅनिश त्याहून तोडकं. दुकानात गाडी भरून झाल्यावर कार्ड चाललं नव्हतं. शिल्लक शून्य. पैसे जमा झाले त्याच रात्री, मध्यरात्र उलटून काही मिनिटांत, दुसऱ्या एका राज्यातल्या दुकानात चारशेहून जास्त डॉलरची खरेदी झाली होती. त्या राज्यात बाई आयुष्यात गेलेल्या नाहीत. कार्ड त्यांच्या पर्समध्ये होतं. कार्डाच्या पाठीवरच्या नंबरवर मी फोन लावला. यंत्राने विचारलं : कार्ड हरवलं आहे, चोरीला गेलं आहे, की खराब झालं आहे? तिन्हीपैकी काहीच झालं नव्हतं. कार्ड आमच्या दोघींच्या मध्ये टेबलावर पडलेलं होतं. 'चोरीला गेलं' हे बटण दाबलं. नवं कार्ड सहा दिवसांनी आलं. त्यावरही शिल्लक शून्यच होती. पैशांसाठी अर्ज करावा म्हटलं, तर खिडकीवरच्या बाईंनी शांतपणे सांगितलं की २० डिसेंबर २०२४ नंतरच्या चोरीसाठी ती सोय राहिलेली नाही.

ही तारीख लक्षात ठेवण्यासारखी आहे. २०२२ च्या डिसेंबरअखेर काँग्रेसने एका खर्चाच्या कायद्यात तरतूद केली होती, की १ ऑक्टोबर २०२२ पासून अशा रीतीने चोरलेली स्नॅपची रक्कम केंद्राच्या पैशातून भरून द्यावी. तीही हात आखडूनच : चोरलेली रक्कम किंवा दोन महिन्यांची मदत, यातलं जे कमी असेल ते, आणि वर्षातून फार तर दोनदा. मुदत सप्टेंबर २०२४ पर्यंत होती, ती ओढूनताणून २० डिसेंबरपर्यंत नेली आणि मग सोडून दिली. चोरांनी मात्र त्या तारखेला धंदा बंद केला नाही.

आता दुसरं वाक्य, पिन सांभाळण्याचं. दुकानातल्या कार्डयंत्रावर हुबेहूब त्याच्यासारखं दिसणारं एक टोपण बसवतात. तुम्ही कार्ड सरकवलं की ते पट्टीवरचा मजकूर वाचतं आणि तुम्ही दाबलेला पिन नोंदवतं. खालचं खरं यंत्र नेहमीप्रमाणे काम करत असतं, त्यामुळे व्यवहार होतो, पावती मिळते, शंका यायचं कारण नाही. मग तो मजकूर कोऱ्या कार्डावर उतरवायचा आणि महिन्याचे पैसे पडायची वाट पाहायची. यात पिन कुणाला सांगितलेला नाही, पाकिटावर चिठ्ठी चिकटवलेली नाही. त्या बाईंच्या जागी आपल्यातला कुठलाही पीएचडी असता तरी हेच झालं असतं.

फरक इतकाच की पीएचडीच्या खिशातल्या कार्डाला चिप आहे. चुंबकीय पट्टी म्हणजे जुन्या कॅसेटची फीत. तिच्यावर तोच मजकूर कायमचा लिहिलेला, एकदा नक्कल केली की काम फत्ते. चिप प्रत्येक व्यवहाराला नवा संकेत तयार करते, तो पुन्हा चालत नाही. हे तंत्रज्ञान काही काल शोधलेलं नाही. अमेरिकेतल्या बँकांच्या कार्डांवर चिप सर्रास का आली, हे आपल्यातल्या पेमेंटवाल्यांना तोंडपाठ असेल : ऑक्टोबर २०१५ मध्ये कार्ड कंपन्यांनी नियम बदलला, की बँक आणि दुकानदार यांच्यापैकी ज्याने चिप आणली नाही, बनावट कार्डाचा भुर्दंड त्याच्या माथी. बघता बघता कार्डं बदलली, दुकानांतली यंत्रं बदलली. माझ्या मते या सगळ्या विषयाची किल्ली इथे आहे. ज्याच्या अंगावर नुकसान येतं, तो दुरुस्ती करतो. ईबीटीचं नुकसान राज्याच्या, कंत्राटदाराच्या किंवा दुकानदाराच्या अंगावर येत नाही. ते त्या बाईंच्या अंगावर येतं, आणि चिप बसवणं त्यांच्या हातात नाही.

हे आपोआप झालेलं नाही. डेबिट कार्डवाल्यांना संरक्षण देणारा कायदा इथे १९७८ पासून आहे. कार्ड गेल्याचं दोन कामकाजाच्या दिवसांत कळवलंत, तर तुमचं नुकसान फार तर ५० डॉलर. उरलेलं बँकेचं. १९९४ मध्ये फेडरल रिझर्व्हने ठरवलं, की हेच संरक्षण ईबीटीलाही लागू करायचं, मार्च १९९७ पासून. राज्यांनी खर्चाची ओरड केली. आणि १९९६ च्या ज्या प्रसिद्ध कायद्याने, क्लिंटन यांच्या सहीने, गरिबांच्या मदतीची सगळी व्यवस्था बदलली, त्याच कायद्यात गरजू म्हणून दिल्या जाणाऱ्या मदतीची ही कार्डं त्या संरक्षणातून वगळून टाकली. त्याच कायद्याने राज्यांना सांगितलं, की २००२ पर्यंत कुपनं बंद करून इलेक्ट्रॉनिक व्हा. एका हाताने कार्ड सक्तीचं केलं, दुसऱ्या हाताने त्याचं कुलूप काढून घेतलं. दुसऱ्या शब्दांत, माझा पगार चोरीला जाणं हा बँकेचा प्रश्न, आणि सफाईवाल्या बाईंच्या मुलांचं जेवण चोरीला जाणं हा त्यांचा स्वतःचा.

यावर उत्तर तयार असतं : "पण हे लोक कार्डं विकतात ना!" काही विकतात. पण त्याचा संशय नवं कार्ड मागणाऱ्या प्रत्येकावर टाकायची सोयही नियमात करून ठेवली आहे. बारा महिन्यांत चारदा नवं कार्ड मागितलं, की कुटुंबाला इशारेवजा पत्र जातं, आणि त्यापुढे राज्य स्पष्टीकरण मिळेपर्यंत कार्ड रोखू शकतं. चोरी झाली की कार्यालयाचा सल्ला काय? कार्ड बदला, पिन बदला. म्हणजे सल्ला पाळणारा जितका काळजीवाहू, तितका संशयाच्या जवळ.

खिशात आठ डॉलर घेऊन आलेले आमचे एक काका नेहमी म्हणतात, आपण कधी सरकारकडे हात पसरला नाही. काका, आपण म्हणजे कोण? विक नावाची दुसरी योजना आहे, गरोदर बायका आणि पाच वर्षांखालच्या मुलांसाठी : दूध, अंडी, डाळी. तिथे व्हिसा विचारत नाहीत, उत्पन्न विचारतात. विद्यार्थ्याच्या शिष्यवृत्तीवर बायको-मूल पोसणारे मराठी पीएचडीवाले त्या कार्डावर दूध आणत आलेले आहेत आणि आजही आणतात. मंडळाच्या गणपतीत मात्र त्याबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही. विकचं न वापरलेलं धान्य पुढच्या महिन्यात जात नाही. मुदत संपली की संपलं. कार्ड मुदतीच्या शेवटच्या आठवड्यात हरवलं आणि नवं यायला तेवढेच दिवस लागले, तर बाळाचं तेवढं दूध बुडालं. फोन करून विचारायचं तर ग्रीनकार्डाला धोका येईल ही भीती. २०१९ च्या नियमाने स्नॅपला त्या यादीत घातलं होतं, विक त्यात तेव्हाही नव्हतं, तो नियम २०२१ मध्ये गेला. पण भीती काही नियमाबरोबर गेली नाही. आपल्याच घरातली ही मुलगी काकांचं 'हात पसरला नाही' ऐकते आणि हरवलेल्या कार्डाबद्दल नवऱ्याखेरीज कुणाला सांगत नाही.

खर्चाचं कारण अजून सांगतात. चिपचं कार्ड महाग, कंत्राटं बदलावी लागतात, दुकानांच्या प्रणाली तपासाव्या लागतात. सगळं खरं. पण कॅलिफोर्नियाने २०२५ मध्ये चिपवाली ईबीटी कार्डं द्यायला सुरुवात केली, सर्वांत आधी. देशातलं सगळ्यात मोठं राज्य करू शकतं म्हणजे जमतं. इतर अनेक राज्यं लोकांना ॲप देतात : खरेदी झाली की कार्ड बंद करा, पुढच्या खरेदीला चालू करा, परराज्यातले व्यवहार रोखा. ज्यांच्याकडे चांगला फोन आहे त्यांनी हे जरूर करावं, मी त्या बाईंच्या मुलीला ते लावून दिलं. पण दर वेळी दुकानाच्या दारात कुलूप उघडून बंद करण्याची अट आपण आपल्या बँकेकडून एक दिवस तरी सोसली असती का?

ज्यांच्याकडे इथलं नागरिकत्व आहे, त्यांनी आपल्या राज्याच्या प्रतिनिधीला दोन प्रश्न विचारावेत. ईबीटीच्या कंत्राटाची मुदत केव्हा संपते आणि पुढच्या कंत्राटात चिप आहे का? चोरीची रक्कम राज्य स्वतःच्या तिजोरीतून भरून देणार का? पेमेंट कंपन्यांत काम करणाऱ्यांना तर हे प्रश्न माझ्याहून नेमके विचारता येतील. मला व्हिसावर मत नाही. पत्र लिहिता येतं, ते मी लिहिलं. उत्तरादाखल एक छापील कार्ड आलं : आपल्या पिनची काळजी घ्या.